आदल्या दिवशी नाही

ग्योटिंगेन, ११ जानेवारी १९५४

ओटिली,

'प्रिय' मुद्दाम लिहिलं नाही. पहिल्याच शब्दाला तुझ्या कपाळावर आठी नको. पाकीट उघडलंस हेच पुष्कळ झालं. त्सेलेच्या पोस्टात तीस वर्षं खिडकीमागे बसलेली बाई स्वतःच्या नावाचं टपाल न वाचता परत पाठवणार नाही, एवढ्या एका भरवशावर लिहिते आहे.

बातमी अशी, की तुझी धाकटी बहीण निर्माती झाली. हसायचं तर हस. एकवीस सिनेमे लिहिले मी. पहिले चार दुसऱ्यांच्या नावावर, कारण बर्लिनला मला टायपिस्ट म्हणून ठेवलं होतं. टायपिस्टने संवाद गुपचूप सुधारले तर सगळ्यांना हवे असायचे; पण 'मी सुधारले' म्हटलं असतं तर दुसऱ्या दिवशी घरी बसावं लागलं असतं. मग ती काळी वर्षं आली. तेव्हा मी हलकेफुलके प्रेमप्रसंग लिहिले, मान खाली घातली आणि तोंड मिटून घेतलं. त्याची फुशारकी मी मारत नाही, आणि तू मारूही देणार नाहीस. पण आता दारावर पाटी आहे, 'रोडेनबर्ग फिल्म'. पाटी जरा तिरकी बसली आहे. खोली म्हणजे जुन्या विमानतळाच्या हँगरमधला एक कोपरा. शेगडीकडे तोंड केलं की पाठ गारठते. तरी मी इतकी खूश आहे की रोज सकाळी पाटी मीच पुसते.

आता मुद्द्याचं. ड्युसेलडॉर्फचे वितरक डॉक्टर श्ट्राइट मला म्हणाले, "बाईसाहेब, सिनेमा घेतो. पण त्यात आमालिया मावशी पाहिजे. लोक मावशीला बघायला येतात, तुमच्या त्या प्रेमी जोडप्याला कोण विचारतो!" आमालिया मावशी मुळात कोण, हे तुला माहीत आहे, मला माहीत आहे, आणि आता त्सेलेत शेंबड्या पोरालाही माहीत आहे. "पुन्हा मला पडद्यावर नेलंस तर मला बहीण नाही," असं तू म्हणाली होतीस. एका काकडीच्या बरणीवरून तीन वर्षं अबोला म्हणजे राईचा पर्वत झाला, असं माझं मत. पण ते राहू दे.

मी डॉक्टर श्ट्राइटना ठणकावून सांगितलं, की माझ्या बहिणीने हो म्हटल्याशिवाय एक ओळ लिहिणार नाही.

बरं, खोटं कशाला बोलू. सही करून आले आहे. लिहूनही झालं. सोबत अख्खी पटकथा पाठवते आहे. आवडणार नाही ते खोडून टाक.

हेडविग

ग्योटिंगेन, २ फेब्रुवारी १९५४

ओटिली,

गठ्ठा आला. दोरी तुझी, गाठ तुझी, आत चिठ्ठी नाही. म्हटलं, संपलं. मग पहिलं पान उलटलं आणि मटकन जमिनीवरच बसले.

लाल पेन्सिल! दोनशे बारा ठिकाणी! मी मोजल्या.

पान नऊ: "ओली बशी मी कपाटात ठेवत नाही. पुसून ठेवते." पान सत्तेचाळीस: "ही टोपी मी विकत घेणार नाही. कोणी दिली तर घालेन." आणि पान बावीस. तिथे भाचा मावशीला विचारतो, या मुलीशी लग्न करू का? मी चांगलं दोन दिवस डोकं खाजवून लिहिलं होतं, "बाळा, लग्न हा जुगार आहे." ते तू खोडलंस आणि वर लिहिलंस, "असलं मी बोलत नाही. मी म्हणेन, तिला आधी पडशात बघ, मग ठरव."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. एकवीस सिनेमे लिहिलेत मी! तुला सिनेमातलं काय कळतं? तू पार्सलं तोल! असं भिंतीला मोठ्याने सांगून मी गठ्ठा कोपऱ्यात फेकला. पंधरा मिनिटांनी उचलला. मावशीचं काम करणाऱ्या थेक्ला ब्रिंकमान बाई तेवढ्यात कपड्यांचं माप द्यायला आल्या होत्या. वय बासष्ट, नाकावर माशी बसू देत नाहीत. त्यांना पान बावीस वाचून दाखवलं. त्या अशा हसल्या की खोटी पापणी कॉफीत पडली.

"हे तुम्ही लिहिलं नाहीत," त्या म्हणाल्या.

"का नाही?"

"तुमचे विनोद येताना दार वाजवतात, हेडविगबाई. हा सरळ घरात आला. कोण आहे ही बाई?"

"पोस्टात असते."

"तिला म्हणावं नोकरी सोड."

"नाही सोडणार. पेन्शन आहे."

"मग शहाणी आहे," म्हणाल्या आणि पापणी धुवायला गेल्या.

मी हात टेकले, ओटिली. तुझं सगळं घेतलं. बशी, टोपी, पडसं, सगळं. प्रत्येक ठिकाणी माझं खोडून तू वर तुझं लिहिलं आहेस. फक्त पान चौऱ्याऐंशीवर अख्ख्या पानावर फुली मारून नुसतं 'नाही' लिहिलंस. पेन्सिल संपली असेल असं समजून ते पान मी तसंच ठेवलं आहे.

तू बोलत नाहीस, मला माहीत आहे. पण दोनशे अकरा वाक्यं लिहिलीस की गं.

हेडविग

ग्योटिंगेन, २३ मार्च १९५४

प्रिय ओटिली (आज मला लिहिल्याशिवाय राहवत नाही, खोड),

पेन्सिल संपली नव्हती. कळलं.

आज पान चौऱ्याऐंशी घेतलं. मावशीचा वाढदिवस. दुसऱ्या दिवशी ती प्रवासाला निघणार, म्हणून पाहुणे आदल्याच संध्याकाळी केक घेऊन येतात आणि तिचं अभिनंदन करतात. असं मीच लिहिलं होतं. दिग्दर्शक पोकॉर्नी चौदा वर्षं आर्जेंटिनात राहून आलेले, त्यांना त्यात काहीच वावगं दिसलं नाही. बारा पाहुणे आत आले, सगळे एका सुरात म्हणाले, "मावशी, उद्याच्या वाढदिवसाच्या शुभेच्छा!"

मग एकेक दिवा विझायला लागला. दिव्यांचे मुख्य क्नोके टोपी हातात घेऊन पुढे आले. "बाईसाहेब, मला बायको आहे, दोन मुलं आहेत. आदल्या दिवशी अभिनंदन केलं की संकट ओढवतं. त्यावर मी उजेड पाडणार नाही."

"अहो, सिनेमा आहे हा!" पोकॉर्नी ओरडले. "खोटा वाढदिवस, खोटी मावशी!"

"अपशकुनाला कुठे कळतं खोटं काय ते," क्नोके म्हणाले. मागे सुतारांनी अपशकुन टळावा म्हणून लाकडावर ठोकायला सुरुवात केली होती.

ब्रिंकमानबाईंनी केकची सुरी खाली ठेवली. "आणि माझा खरा वाढदिवस परवा गुरुवारी आहे. मी काही या भानगडीत पडणार नाही."

मी हट्टाला पेटले. निर्माती ना मी! म्हटलं, दिवे लावा, घ्या पुन्हा. लावले त्यांनी, तोंडं पाडून. पाहुणे आत आले, 'उद्याच्या' एवढं म्हणून झालं, आणि स्वयंपाकघराची मागची भिंत कडकड करत पुढे आली आणि केकवर आडवी झाली. कोणाला खरचटलंही नाही. केक मात्र गेला. चाळीस माणसं वळून माझ्याकडे बघायला लागली, जशी काही मीच ढकलली.

मी भिंतीच्या मागे जाऊन रंगाच्या डब्यावर बसले आणि रडले. केकसाठी नाही, ते तुला कळलंच असेल.

काकडीची बरणी, काकडीची बरणी म्हणून मी तीन वर्षं जगाला हसत सांगत फिरते आहे. आता सरळ लिहिते. सतरा सप्टेंबर एकोणीसशे पन्नासला मला म्युनिकची गाडी पकडायची होती. दुसऱ्या दिवशी फोन करायलासुद्धा वेळ होणार नाही म्हणून मी तुझ्या टेबलावर चिठ्ठी ठेवली, "उद्या नसेन, म्हणून आजच अभिनंदन!" अठराला, ऐन वाढदिवसाला, तू काकड्यांची बरणी घेऊन तळघराच्या पायऱ्यांवरून पडलीस. पाय दोन ठिकाणी मोडला, अकरा आठवडे प्लास्टर. मी धावत आले, तुझा हात धरून बसले. डॉक्टर पाय बघत होते आणि तू त्यांना म्हणालीस, "पाय राहू द्या, आधी सांगा काकड्या किती वाचल्या." आणि मी, तुझा हात डाव्या हातात धरून, उजव्या हाताने ते वाक्य वहीत टिपून घेतलं.

पुढच्या वसंतात तू काठी टेकत थिएटरात गेलीस, आणि तुझी पायरी, तुझी बरणी, तुझं वाक्य पडद्यावर आलं. सगळं त्सेले पोट धरधरून हसलं आणि मग वळून तुझ्याकडे बघायला लागलं. त्या हसण्याचे मला पैसे मिळाले आणि पुढच्या सिनेमाचं काम मिळालं. माझी सगळी कारकीर्द तुझ्या मोडक्या पायावर उभी आहे. हे मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं. तेव्हापासून तुझे तीन वाढदिवस आले आणि गेले. तीनही वेळा कार्ड लिहिलं आणि टाकायची छाती झाली नाही.

भिंत उद्या उभी राहील. पण या प्रसंगाचं काय करू? प्रसंग नसेल तर सिनेमाला शेवट नाही, आणि शेवट नसेल तर दारावरची पाटी उतरवावी लागेल. पण खरं सांगू, पाटीपेक्षाही मला तुझं उत्तर हवं आहे. बाकी सगळीकडे खोडून तू आपलं लिहिलंस. इथे नुसतं 'नाही'. 'नाही'च्या पुढे काय, ओटिली?

हेडविग

ग्योटिंगेन, ३० मार्च १९५४

ओटिली! ओटिली! ओटिली!

चार पानं! मायना नाही, सही नाही, पण चार पानं! क्नोकेंना वाचून दाखवली, सुतारांना दाखवली, पोकॉर्नींना दोनदा दाखवली कारण पहिल्यांदा ते हसण्याच्या नादात अर्धं विसरले.

"पाहुणे तारीख चुकून आदल्या दिवशी येतील," तू लिहिलंस. "मावशी त्यांना घालवून देणार नाही, कारण बाहेर थंडी आहे. फुलं बादलीत ठेवायला लावेल. वाढदिवसाचं नाव काढायचं नाही, असं बजावेल. नुसतं बसून माणसाच्या जिभेला खाज सुटते, म्हणून प्रत्येकाच्या हातात बटाटा आणि सुरी देईल. बारा वाजेपर्यंत सोलायचे. बोलायचंच असेल तर हवेबद्दल बोलायचं."

ओटिली, ते दृश्य आम्ही काल घेतलं. न्यायाधीश, पाद्री, भाचा, त्याची होणारी सासू, सगळे कमरेला फडकी बांधून बटाटे सोलताहेत आणि प्रत्येकाच्या ओठावर ते एकच वाक्य अडलेलं! पाद्रीबुवा कोंडलेल्या आवाजात म्हणतात, "हवा छान आहे." मावशी म्हणते, "हो, बटाट्यांना चांगली." मग न्यायाधीश तेच म्हणतो. मग सासू. आणि भाचा हळूच घड्याळाचा काटा पुढे सरकवायला जातो तेव्हा तुझं ते वाक्य: "घड्याळ पुढे केलंस तर फक्त घड्याळ म्हातारं होईल. तारीख तीच राहील."

क्नोकेंनी दिवे लावले ते असे, की म्हटलं वीजघर वितळतं की काय. बाराचा टोला पडला आणि बारा जणांनी एकदम हातातले बटाटे टाकून जो आरडाओरडा केला, तो अभिनय नव्हता. तीन तास तोंड दाबून बसलेली माणसं होती ती! पोकॉर्नी थांबा म्हणायचं विसरले. ब्रिंकमानबाईंनी सगळ्यांना मिठ्या मारल्या, मलासुद्धा, आणि मी तर पडद्यावर नव्हतेच.

पन्नास किलो बटाटे सोलले गेले आहेत. कालपासून अख्खा हँगर बटाट्याचं सूप पितो आहे. एक माणूस तक्रार करत नाही.

हेडविग

ग्योटिंगेन, ३ सप्टेंबर १९५४

प्रिय ओटिली,

मार्चनंतर तुझं अक्षर नाही. मी दर महिन्याला लिहिलं, तू ते वाचलंस असं धरून चालते.

सिनेमा तयार आहे. डॉक्टर श्ट्राइट पहिला अर्धा भाग बघून दोनदा हसले, आणि ते वर्षातून तीनदा हसतात असं त्यांची सेक्रेटरी सांगते. पहिला खेळ त्यांनी त्सेलेत ठेवला आहे, मावशीचं गाव म्हणून. तारीख सतरा सप्टेंबर, शुक्रवार. मी हातापाया पडले की सतरा नको, कुठलीही चालेल. पण थिएटर, नट, छापलेली पोस्टरं, काही हलेना. सतरा तारखेबद्दल मी याहून एक शब्द लिहिणार नाही, आणि दुसऱ्या दिवसाबद्दल तर मुळीच नाही. हवा छान आहे.

एक गोष्ट मात्र तुला न विचारता केली आहे. खोड जात नाही, काय करू. पडद्यावर नावं येतात तिथे 'लेखन' याच्या खाली दोन नावं आहेत, आणि तुझं वर आहे. नको असेल तर बारा तारखेपर्यंत एक ओळ टाक, तेवढा तुकडा कापून काढते. दोनशे बारा दुरुस्त्या जिच्या, तिचं नाव नाही घातलं तर मी पुन्हा एकदा चोर ठरेन. एकदा झाले, तेवढं बस.

पहिल्या रांगेतलं तिकीट सोबत आहे. खेळ संपला की आपल्याकडे नटांनी स्टेजवर येऊन वाकायचं असतं, तसे आम्ही सगळे येऊ. तू आली नाहीस तर त्या रिकाम्या खुर्चीसमोर मला वाकावं लागेल. वाकेन. पण ये.

हेडविग

हॅनोव्हर, १८ सप्टेंबर १९५४

माझी प्रिय ओटिली,

काल तू पहिल्या रांगेत ताठ बसली होतीस आणि दीड तासात एकदाही मागे वळून पाहिलं नाहीस. मी स्टेजच्या बाजूच्या पडद्याच्या फटीतून बघत होते. म्हणून तुझ्या पाठीमागे काय चाललं होतं ते तुला सांगायलाच हवं. त्याशिवाय मला आज हॅनोव्हरच्या स्टेजवर वाकणं सुचायचं नाही.

तुझं नाव आलं तेव्हा आधी कुजबुज झाली. "आपली फ्रॉइलाइन रोडेनबर्ग? खिडकी नंबर तीन?" मग बेकर उठून उभा राहिला. मग तो वकील, ज्याचं पार्सल नीट बांधलं नाही म्हणून तू तीनदा परत पाठवलं होतंस. मग सगळंच थिएटर उभं राहिलं आणि टाळ्या वाजवायला लागलं. तुला वाटलं असेल टाळ्या ब्रिंकमानबाईंच्या नावाला आहेत. त्यांचं नाव अजून यायचं होतं, वेडे!

आणि बटाट्यांच्या वेळी ते हसले, तेव्हा कोणी तुझ्याकडे वळून पाहिलं नाही. मी एकेक डोकं बघत होते, जीव मुठीत धरून. ते सगळे पडद्याकडे बघून हसत होते, तुला नाही, तुझ्याबरोबर. माझा जीव भांड्यात पडला.

नंतरचं तू पाहिलंसच, पण तरी लिहिते, कारण मला ते पुन्हा पुन्हा लिहावंसं वाटतं. तू बाहेरच्या दालनात उभी राहिलीस आणि त्सेलेच्या लोकांनी कोणी न सांगता तुझ्यासमोर रांग लावली, खिडकीसमोर लावतात तशी. दर वर्षी अठराला तू खिडकीत लोण्याचा केक ठेवतेस आणि प्रत्येकाला तुकडा देतेस; गावात तुझी तारीख माहीत नाही असा माणूस नाही. पण एकाने अक्षर काढलं नाही. बेकर आला, टोपी काढली, ओठ दाबून म्हणाला, "हवा छान आहे, फ्रॉइलाइन."

तू म्हणालीस, "बटाट्यांना चांगली."

वकील आला. "हवा छान आहे." "बटाट्यांना चांगली." शाळेतली पोरं आली, फुसफुसत. "हवा छान आहे." दोनशे माणसं, ओटिली, आणि तू एकालाही उत्तर चुकवलं नाहीस, चेहरा पावतीवर शिक्का मारताना असतो तसा!

आणि मग डॉक्टर श्ट्राइट. त्यांनी सिनेमाचा शेवट बघितलाच नव्हता. किती तिकिटं गेली ते विचारायला फोनवर होते. हातात हा एवढा गुच्छ घेऊन घुसले, "फ्रॉइलाइन रोडेनबर्ग! सेक्रेटरीने सांगितलं, उद्या आपला..."

"शूऽऽऽ!" अख्खं दालन. वकिलाने तर स्वतःची टोपी त्यांच्या तोंडावर धरली.

तू गुच्छ हातात घेतलास, त्यांच्याकडे चष्म्यावरून पाहिलंस आणि म्हणालीस, "फुलं आज घेते. तोंड उद्या उघडा." आणि हसलीस. मोठ्याने, डोकं मागे टाकून. तळघराच्या पायऱ्यांआधीपासून मी ते हसू पाहिलं नव्हतं. मग माझ्याकडे वळून तीन वर्षांतलं पहिलं वाक्य बोललीस, "हेडे, केसांचं काय करून घेतलंस हे?" मी तिथेच रडायला लागले, आणि माझ्या गाडीची वेळ झाली होती, म्हणून उत्तर द्यायचं राहिलं. केस म्युनिकला कापले. वाईट कापले, मान्य.

आता सकाळचे सात वाजून दहा मिनिटं झालीत. खालच्या कारकुनाला दोनदा तारीख विचारली, तो मला आता जरा घाबरतो आहे. आज उद्या आहे, ओटिली. तोंड उघडते.

पायाबद्दल मला माफ कर. तू दुखत असताना मी लिहून घेतलं, त्याबद्दल. आणि वाढदिवसाच्या खूप, खूप शुभेच्छा. पत्र तुला सोमवारी मिळेल. मागच्या तीन वर्षांच्या शुभेच्छाही याच पाकिटात घालते आहे. उशिरा दिलेल्या आपल्याकडे चालतात.

तुझी हेडे